मापाबाहेर

गुरुवारी पहाटे तीनला उठतो आम्ही, सासूबाई आणि मी.
जाजपूरच्या थंडीत बैतरणी धुक्याखाली निजलेली,
परसातली विहीर तेवढी कोमट श्वास टाकते.
रात्री भिजवलेले तांदूळ पाट्यावर वाटायचे,
दुधासारखे, पण दुधाहून जरा दाट.
मग चिंधीचा बोळा मुठीत धरून
भिंतीवर भाताच्या लोंब्या:
बोटं एकदम टेकवली की दाणे,
ओढत नेली की काडी.
सासूबाईंच्या लोंब्या वाकलेल्या, भरलेल्या.
माझ्या ताठ.
‘पोचट निघालं तुझं पीक,’ म्हणतात त्या.

नऊ वर्षं झाली मला या घरात.
पारळाखेमुंडीहून आले तेव्हा बोलण्यात अर्धं तेलुगू होतं,
सारणात गूळ जास्त पडायचा,
नवऱ्याच्या आत्या तोंड वळवून हसायच्या.
तरी पहिल्याच मार्गशीर्षात माझ्या पानात मंडा पडला,
वाफाळता, आत खोबरं नि मिरी,
कारण मी सून.
देवी दाराशी आली की तिला आत घेणारी.

झरणा या घरात जन्मली.
फडताळाच्या खालच्या खणात तिची दुधाची वाटी अजून आहे,
काठाला दाताची खूण.
पण ती दिली कटकला,
आणि दिलेल्या लेकीला या दिवसाचा नैवेद्य देत नाहीत.
तिच्या हाताबरोबर लक्ष्मी चालती होते म्हणे.
शेजाऱ्याला नाही, दारी आलेल्याला नाही, लेकीला नाही.
उरलंसुरलंही अंगणातच खड्डा करून पुरायचं.

इतकी वर्षं प्रश्न नव्हता.
ती यायची रज सणाला, झोपाळ्याच्या दिवसांत, आणि जायची.
या वर्षी कार्तिक संपता संपता आली,
एक बॅग, एक शिलाई मशीन.
मशीन घेऊन कुणी चार दिवसांसाठी येत नाही.
रिक्षातून उतरवताना कुणी काही विचारलं नाही,
जड आहे, सांभाळून, एवढंच.

पहिल्या गुरुवारी ती घराबाहेर गेली.
ब्लाउजची मापं घ्यायचीयत म्हणाली. कुणाची, ते नाही.
दुपारी परतली तर घरभर खिरीचा वास.
तिनं कालचा पाणीभात घेतला, एक हिरवी मिरची,
आणि तिचा भाऊ आपलं पान उचलून परसात गेला,
तिच्यासमोर बोटं चाटायला नकोत म्हणून.

पुढच्या गुरुवारी, देवीचं भांडं चुलीवर चढायच्या आधी,
सासूबाईंनी एक मंडा उकडला. एकच.
अॅल्युमिनियमच्या पातेल्यात, जे देवकार्याला चालत नाही.
‘हा कुणाला दाखवलेला नाही,’ म्हणाल्या,
‘म्हणजे प्रसाद नव्हे. नुसतं पीठ आणि खोबरं.’
कुणाला म्हणाल्या कळलं नाही. मला, चुलीला,
की कोपऱ्यातल्या मापात शिगोशीग भरलेल्या नव्या भाताला.
झरणाला उठवलं. तिनं उभ्याउभ्याच खाल्ला,
मागच्या दाराकडे तोंड करून.
‘मिरी जास्त झालीय,’ म्हणाली आणि नाक ओढलं.
मिरी मी घातली होती.
दोनच दाणे.

आज पावलं काढायचं काम माझ्याकडे.
उंबऱ्यापासून कणगीपर्यंत,
चिंधी पिळून टाच, वर ठिपक्यांची बोटं,
सगळी आत येणारी.
बाहेर जाणारं पाऊल काढत नाहीत,
लेक गेली ती याच दारानं असली तरी.

कणगी ज्या खोलीत, तिथंच झरणाची खाट.
मशीनवर टॉवेल, पायट्यावर तिच्या चपला.
पावलं कणगीशी थांबायला हवी होती.
बोळ्यात पीठ उरलं होतं.
मी आणखी तीन काढली,
खाटेच्या पायापर्यंत, शेवटचं जरा लहान.

सासूबाई बॅटरी घेऊन आल्या.
उजेड पावलापावलानं आत आला,
कणगीशी थांबला,
पुढे सरकला,
आणि पांघरुणाबाहेर आलेल्या लेकीच्या टाचेवर
भेगांत अडकल्यासारखा राहिला.

मग गुडघ्यावर हात देत त्या खाली वाकल्या,
शेवटच्या पावलाची बोटं मोजली.
‘चारच काढलीस,’ म्हणाल्या,
आणि करंगळी स्वतः टेकवली.